प्राचीन ग्रीक स्पर्धा : आधी सुटणारे, पैसे चारणारे आणि त्यांचा बंदोबस्त

दगडी_पाटी
ऑलिंपियात क्रोनोस टेकडीच्या पायथ्याने स्टेडियमकडे निघालं की डाव्या हाताला दगडी बैठकांची रांग लागते. सोळा बैठका. त्यांवर एके काळी झ्यूसचे कांस्य पुतळे होते, लबाडी करताना सापडलेल्यांच्या दंडाच्या पैशातून केलेले. मैदानात उतरणाऱ्या प्रत्येक खेळाडूला त्यांच्या समोरून जावं लागे.

पैशांच्या भानगडींवर इथे कुणी ना कुणी लिहीलच. मला त्याहून साधा प्रश्न पडलाय. स्तादिऑन ही तिथली सगळ्यांत जुनी शर्यत, ऑलिंपियात १९२.२७ मीटर. एका रेषेत वीसेक धावपटू, घड्याळ नाही, फोटो नाही. आधी सुटणाऱ्याला पकडत कसं? चाबूक होता हे ठाऊक आहे. चाबूक पुरेसा होता, तर इ.स.पू. पाचव्या-चौथ्या शतकांत सुरुवातीसाठी यंत्रं का करावी लागली? आणि तेवढीच काळजी कुस्ती-मुष्टियुद्धाच्या जोड्या लावताना घेत होते का?

'ग्रीक महान होते' छापाचे प्रतिसाद कृपया नकोत.

तिरपागडे
ग्रीक महान होते.

(आटोपलं. आता जाणकारांनी लिहा.)

अनवाणी
रेषेपासून सुरुवात करतो. ऑलिंपियात जमिनीत पुरलेल्या दगडी लाद्यांची सलग पट्टी आहे. तिच्यावर दोन समांतर खोबणी, एकमेकींपासून साधारण १५-२० सेंटीमीटरवर. एका पायाची बोटं पुढच्या खोबणीत, दुसऱ्याची मागच्या. ठरावीक अंतरावर खांब रोवायची भोकं आहेत, म्हणजे प्रत्येकाची जागा सव्वा मीटरच्या आसपास.

खोबणी इतकी जवळ असल्यामुळे आजच्यासारखं हात टेकून, मागचा पाय लांब ठेवून बसता येत नाही. धावपटू उभाच राहायचा : पाय जवळजवळ, गुडघे किंचित वाकलेले, दोन्ही हात पुढे. मातीच्या भांड्यांवरच्या चित्रांतही हाच पवित्रा दिसतो. यात गंमत अशी की या पवित्र्यात वजन आधीच पुढे झुकलेलं असतं. इशारा जरा लांबला की तोल जाणार आणि पाऊल पडणार. म्हणजे आधी सुटणारा दर वेळी लबाडच असेल असं नाही, पवित्राच तसा आहे.

शिक्षा मात्र लबाडाचीच. हेलानोदिकाई म्हणजे जांभळ्या वस्त्रांतले पंच, आणि त्यांच्या हाताखाली चाबूकवाले. स्वतंत्र नागरिकाला चारचौघांत चाबूक मारणं ही एरवी ग्रीक शहरात अकल्पनीय गोष्ट. चाबूक मारायचा तो गुलामाला. त्यामुळे पाठीपेक्षा अब्रूला लागायचं.

मृदगंधा
@अनवाणी, उत्तम. एक भर घालते. अंतर सगळीकडे ६०० फूटच, पण फूट गावोगावी वेगळा. ऑलिंपियात १९२ मीटर, नेमेआत १७८च्या आसपास, डेल्फीत त्याहून किंचित कमी. त्यामुळे 'विक्रम' ही भानगडच नव्हती. कोण पहिला आला एवढंच मोजायचं. दुसऱ्या-तिसऱ्याला ऑलिंपियात काहीच नाही. म्हणून सुरुवातीच्या अर्ध्या पावलाला एवढी किंमत.

सुतळीबॉम्ब
यंत्रांबद्दल मी लिहितो, कारण दोन वेगळी यंत्रं आहेत आणि लोक हमखास त्यांची खिचडी करतात.

पहिलं इस्थमियाचं, कोरिंथजवळ, इ.स.पू. पाचव्या शतकातलं. तिथे दगडी फरसबंदीचा मोठा त्रिकोण आहे. त्रिकोणाच्या टोकाला खड्डा, त्यात सुरुवात करून देणारा माणूस उभा. त्याच्या हातात १६ दोऱ्या. प्रत्येक दोरी फरसबंदीत कोरलेल्या खाचेतून, कांस्याच्या कड्यांखालून, आपापल्या खांबापर्यंत जायची. खांबावर आडवा दांडा, दोरी ताणलेली असेपर्यंत आडवा राहणारा. माणसाने दोऱ्या सोडल्या की दांडे खाली पडणार आणि वाट मोकळी.

कागदावर झकास. अडचण भूमितीची आहे. मधल्या दोऱ्या आखूड आणि सरळ, कडेच्या लांब आणि तिरक्या. लांब दोरी जास्त ताणते, खाचेत जास्त घासते, तिच्यात माती अडकते. सगळ्या एका क्षणी सोडल्या तरी कडेचा दांडा मधल्याच्या मागून पडण्याची शक्यता मोठी. शिवाय प्रत्येकाचा दांडा वेगळा, म्हणजे 'माझा उशिरा पडला' म्हणायला १६ जण मोकळे. ही व्यवस्था फार काळ टिकली नाही. फरसबंदी मातीखाली गेली आणि दुसरी, साधी रेषा घातली गेली.

दुसरं यंत्र म्हणजे हिस्प्लेक्स, त्याच्याबद्दल पुढच्या प्रतिसादात. दीर्घोत्तरी परीक्षेची सवय, माफ करा.

तिरपागडे
१६ दोऱ्या हातात आणि सगळे नाराज. हे आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरीचं वर्णन आहे.

सुतळीबॉम्ब
हिस्प्लेक्स, इ.स.पू. चौथ्या शतकाच्या उत्तरार्धातला. याचे दगडी पाये नेमेआ, इस्थमिया, एपिदाउरोस अशा ठिकाणी सापडले आहेत. जोडणी अशी :

रेषेच्या दोन्ही टोकांना एकेक लाकडी चौकट, दगडी पायात घट्ट बसवलेली. चौकटीत प्राण्यांच्या स्नायूंच्या तंतूंचा पीळ भरलेला जुडगा. त्या जुडग्यात एक खांब खोवलेला. पीळ खांबाला सतत पुढे, जमिनीकडे आपटायला बघतो. खांब उभा करून वर कडीने अडकवून ठेवायचा. दोन्ही टोकांच्या खांबांमध्ये, सगळ्या धावपटूंच्या पुढून, दोन दोर आडवे ताणलेले : एक गुडघ्याच्या उंचीला, एक कमरेच्या. सोडणारा माणूस धावपटूंच्या मागे उभा, दोन्ही कड्यांच्या दोऱ्या त्याच्या एकाच्या हातात. झटका दिला की कड्या सुटतात, खांब उंदराच्या सापळ्यासारखे पुढे आपटतात, दोर जमिनीवर पडतात, आणि धावपटू त्यांवरून जातात.

इस्थमियाच्या तुलनेत यात तीन गोष्टी सुधारल्या. अडथळा सगळ्यांना एकच, तेव्हा तक्रारीला जागा कमी. दोर स्वतःच्या वजनाने पडत नाही, पिळाच्या जोराने आपटला जातो, म्हणून वेग जास्त. आणि आधी निघालेला स्वतःच दोरात अडकतो, पंचाला डोळे फाडून बघत बसावं लागत नाही.

बिघडण्याच्या जागा दोन. दोन्ही टोकांचा पीळ सारखा हवा, नाही तर एक खांब आधी पडतो, दोर तिरका होतो आणि मंद बाजूच्या माणसाची नडगी फुटते. दुसरं म्हणजे ओल. तंतूंचा पीळ दमट हवेत ढिला पडतो, गोफणयंत्रं चालवणाऱ्या सैनिकांचीही हीच डोकेदुखी होती. म्हणजे पीळ स्पर्धेच्या आधी तपासून पुन्हा भरायलाच हवा.

१९९०च्या दशकात पानोस वालावानिस आणि स्टीफन मिलर यांनी नेमेआत याची चालती प्रतिकृती उभी केली. १९९६पासून तिथे अनवाण्या शर्यती होतात, त्यांत हीच वापरतात.

मृदगंधा
एपिदाउरोसच्या शिलालेखात तर हिस्प्लेक्सच्या ठेकेदाराला, कोरिंथच्या फिलॉनला, काम नीट न केल्याबद्दल ठोठावलेला दंड कोरून ठेवलाय!

तिरपागडे
ठेकेदाराला दंड, आणि तोही दगडावर. आता मात्र खरंच म्हणतो, ग्रीक महान होते.

खडाखडी
जोड्यांचा प्रश्न राहिला. ग्रीक लेखक लूकियानने ऑलिंपियाची पद्धत वर्णन केली आहे. झ्यूसला वाहिलेला चांदीचा कलश. त्यात घेवड्याच्या दाण्याएवढ्या चिठ्ठ्या, दोनांवर अल्फा, दोनांवर बीटा, असं पुढे. प्रत्येक मल्ल प्रार्थना करून हात घालतो, चिठ्ठी काढतो. शेजारी चाबूकवाला उभा. तो त्याचा हात धरून ठेवतो, अक्षर वाचू देत नाही. सगळ्यांनी काढल्यावर अधिकारी गोल फिरून चिठ्ठ्या बघतो आणि अल्फाला अल्फाशी जोडतो.

हात धरून का ठेवायचा? अक्षर आधी कळलं तर शेजाऱ्याशी अदलाबदल होते, एवढं साधं कारण मला दिसतं.

मल्लांची संख्या विषम असेल तर एका अक्षराची चिठ्ठी एकच. ती ज्याला येईल तो त्या फेरीत बसून राहतो. वजनी गट नाहीत, फेऱ्या लागोपाठ. बसलेला माणूस ताजातवाना आणि समोरचा थकलेला. म्हणून काही विजेते शिलालेखात मुद्दाम कोरतात की मी एकदाही न बसता जिंकलो.

कुस्तीत प्रतिस्पर्ध्याला तीनदा पाडावं लागे. आपल्याकडे एकदा चितपट झाली की विषय संपतो, तिथे दोन वेळा पडलेलाही सामना फिरवू शकत होता.

चष्मिष्ट
@खडाखडी, मातीचं काय? आपल्या हौद्यात तेल, ताक, हळद घालतात, तसं काही?

खडाखडी
माती कुदळीने खणून मऊ करायचे, कुदळ हे व्यायामशाळेतलं नेहमीचं अवजार होतं. तेल मात्र मातीत नाही, अंगाला. आधी ऑलिव्हचं तेल, मग त्यावर बारीक धूळ, म्हणजे पकड बसते. ग्रीक लेखक फिलोस्त्रातोसने धुळीचेही प्रकार दिलेत : चिकणमातीची, कौलाच्या चुऱ्याची, डांबरी, पिवळी. प्रत्येकीचा गुण वेगळा सांगितलाय. सराव झाला की तेल, घाम, माती हे सगळं कांस्याच्या वाकड्या खरवडणीने काढायचं. तो मळसुद्धा औषध म्हणून विकला जाई.

तिरपागडे
जेवताना हा धागा उघडू नये, अशी सूचना वर चिकटवा.

पांथस्थ
आता पैशांकडे. 'नुसत्या ऑलिव्हच्या फांदीसाठी खेळत' हे अर्धसत्य आहे. ऑलिंपियात फांदी, पण घरी? प्लुतार्कच्या म्हणण्याप्रमाणे सोलोनच्या कायद्याने अथेन्सच्या ऑलिंपिक विजेत्याला ५०० द्राख्मा मिळत. पुढे सरकारी खर्चाने जेवणही. अथेन्सच्या पानाथेनाइआ या उत्सवातल्या स्पर्धांत तर बक्षिसं मालाच्या रूपात : इ.स.पू. चौथ्या शतकातल्या बक्षिसांच्या शिलालेखात मुलांच्या स्तादिऑनला तेलाचे ५० घडे, दुसऱ्याला १०. दोन घोड्यांच्या रथाला १४०, दुसऱ्याला ४०. एका घड्यात ३५ लिटरच्या वर तेल. कुणी एवढं तेल पिणार नाही की अंगाला लावणार नाही. ते विकायलाच दिलेलं.

म्हणून लाच. इ.स.पू. ३८८मध्ये थेसालीच्या एउपोलोसने तीन मुष्टियोद्ध्यांना पैसे चारले, त्यांतला फोर्मिओन तर आदल्या खेपेचा विजेता. दंडातून सहा पुतळे. त्यांतल्या पहिल्यावरच्या लेखाचा आशय असा की ऑलिंपियाचा विजय पैशाने मिळत नाही, पायांच्या वेगाने आणि अंगातल्या बळाने मिळतो. ३३२मध्ये अथेन्सच्या कालिप्पोसने पंचक्रीडेतले प्रतिस्पर्धी विकत घेतले. अथेन्सने दंड माफ करवण्यासाठी हिपेरेइदेस हा नामांकित वक्ता पाठवला. ऑलिंपियाचा कारभार बघणारे एलिस शहराचे लोक बधले नाहीत. अथेन्सने बहिष्कार घातला. शेवटी डेल्फीच्या देवाने 'दंड भरेपर्यंत तुम्हाला कौल नाही' म्हटल्यावर पैसे आले. आणखी सहा पुतळे.

घोडेबाजार
सगळ्यांत सुंदर पुरावा इजिप्तमधून येतो. इ.स. २६७चा पपायरस, स्थळ अँतिनोओपोलिस. मुलांच्या कुस्तीची अंतिम लढत. निकांतिनूसचा बाप आणि देमेत्रिओसचे जामीनदार यांच्यात चक्क लेखी करार : देमेत्रिओसने तीन वेळा पडायचं आणि हार मानायची, बदल्यात ३,८०० द्राख्मा. पंचांना संशय आला आणि त्यांनी मुकुट कुणालाच दिला नाही, तरी पैसे परत मागायचे नाहीत. देमेत्रिओसने शब्द मोडला तर तीन तालांत दंड (एक तालांत म्हणजे ६,००० द्राख्मा).

नुरा कुस्तीचा करारनामा, जामीनदारांसकट! पैसेही फार नाहीत, एका गाढवाची किंमत.

चष्मिष्ट
असा करार मोडला तर दाद मागणार कुठे? कोर्टात जाऊन 'याने ठरल्याप्रमाणे हार पत्करली नाही' म्हणणार?

घोडेबाजार
तेच तर. माझा अंदाज, कागद कोर्टासाठी नसून एकमेकांना बांधून ठेवण्यासाठी. दोघांच्याही हातात दुसऱ्याची बदनामी.

दगडी_पाटी
पंचांवर विश्वास किती होता? एलिसचेच पंच आणि एलिसचेच खेळाडू, हे जरा खटकतं.

पांथस्थ
खटकण्यासारखंच होतं, आणि त्यांनाही खटकलं. इ.स.पू. ३९६ची स्तादिऑन : रेषेवर तीन पंच. दोघांनी एलिसच्या एउपोलेमोसला कौल दिला, तिसऱ्याने आंब्राकियाच्या लेओनला. लेओनने ऑलिंपिक मंडळाकडे दाद मागितली. त्या दोघा पंचांना दंड झाला. निकाल मात्र बदलला नाही! पंच दोषी, विजेता तोच.

३७२मध्ये एलिसचा त्रोइलोस पंच असतानाच रथांच्या दोन शर्यती जिंकला. त्यानंतर नियम झाला की पंचाने स्वतःचे घोडे उतरवायचे नाहीत. त्याआधी हा नियम नव्हता, हे लक्षात घ्या.

शपथ सगळ्यांनाच होती. सभागृहात दोन्ही हातांत वज्र घेतलेल्या झ्यूसपुढे, रानडुकराच्या मांसाच्या तुकड्यांवर. खेळाडू, बाप, भाऊ, प्रशिक्षक, सगळे. खेळाडूने वर दहा महिने सराव केल्याचीही शपथ घ्यायची. मुलांचा आणि शिंगरांचा गट ठरवणाऱ्या पंचांची शपथ वेगळी : लाच घेणार नाही, आणि कुणाला का घेतलं किंवा नाकारलं हे बाहेर सांगणार नाही.

मृदगंधा
ती शेवटची अट महत्त्वाची, कारण जन्मदाखले नव्हते. वय डोळ्यांनी ठरवायचं. रोड्सचा निकासिलोस १८ वर्षांचा, त्याला मुलांच्या कुस्तीत घेतलं नाही. तो मोठ्यांत उतरला आणि जिंकला. एजिनाचा फेरिआस उलट : फारच लहान म्हणून परत पाठवला, पुढच्या खेपेला येऊन मुलांत जिंकला.

चष्मिष्ट
थोडं अवांतर : लांब उडीत हातात वजनं घेत म्हणे. वजन घेऊन उडी लांब कशी पडेल?

अनवाणी
पडते, फक्त तंत्र हवं. दगडाची किंवा शिशाची पकडजोगी वजनं, बहुतेक दीड ते अडीच किलोंची. उडताना हात जोरात पुढे-वर फेकायचे, म्हणजे सगळा भार पुढे सरकतो. उतरायच्या क्षणी हात मागे ओढायचे, पाय पुढे जातात. २००२मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात जागेवरून मारलेल्या तीन मीटर उडीत यामुळे सुमारे १७ सेंटीमीटरचा फायदा दिसला. चुकलं की तोटाच : हात लवकर मागे आले तर हवेतच वेग मोडतो. तालासाठी बाजूला दुहेरी बासरी वाजत असे.

क्रोतोनच्या फायलोसने ५५ फूट उडी मारली असं एक कवन सांगतं. एका उडीत अशक्य. सलग पाच उड्यांची बेरीज मानली तर बसतं, पण कवनाला फूटपट्टी लावू नये असंही माझं मत आहे.

तिरपागडे
मॅरेथॉन कधी होती?

मृदगंधा
कधीच नव्हती. लांब शर्यत म्हणजे दोलिखोस, ऑलिंपियात २० किंवा २४ स्तादिऑन, चार-साडेचार किलोमीटर. मॅरेथॉन १८९६ची, मशालीची दौड १९३६ची.

घोडेबाजार
मूळ प्रश्नाकडे येतो, कारण सुरुवातीचा सगळ्यांत डोकेबाज तोडगा घोड्यांसाठी होता आणि तो कुणी लिहिला नाही.

ऑलिंपियाच्या घोड्यांच्या मैदानात सुरुवातीची जागा जहाजाच्या नाळेच्या आकाराची होती, टोक मैदानाकडे. दोन्ही बाजू प्रत्येकी ४०० फुटांहून लांब, त्यांत रथांची ठाणी, चिठ्ठ्या टाकून वाटलेली. प्रत्येक ठाण्यापुढे दोर. नाळेच्या मध्यावरच्या वेदीवर कांस्याचा गरुड, टोकावर कांस्याचा डॉल्फिन. सुरुवातीला यंत्र फिरवलं की गरुड वर उडी घ्यायचा आणि डॉल्फिन खाली पडायचा. लांबच्या प्रेक्षकालाही कळावं म्हणून.

पण दोर एकदम पडत नसत. आधी दोन्ही कडांचे, म्हणजे सगळ्यांत मागचे. ते घोडे पुढच्या ठाण्यांच्या रेषेत आले की तिथले दोर. असं करत नाळेच्या टोकाशी सगळे एका ओळीत. रचना क्लेओइतासची, पुढे आरिस्तेइदेसने सुधारलेली. घोड्याला 'थांब, इशारा झाला नाही' सांगता येत नाही, म्हणून त्यांनी एकाच क्षणी सोडण्याचा हट्ट सोडून दिला आणि चालत्या घोड्यांची रांग लावली.

सुतळीबॉम्ब
वा. इस्थमियाच्या त्रिकोणात नेमकं हेच उलटं झालं होतं. आकार जवळपास तोच, पण वेळेचा फरक तिथे आपोआप पडायचा आणि नको असताना पडायचा.

खडाखडी
दंडाचं एक उदाहरण राहिलं, ते टाकतो. इ.स.पू. ४८०, थासोसचा थेआगेनेस. मुष्टियुद्ध आणि पांक्रातिओन (कुस्ती आणि ठोसे एकत्र असलेली झुंज) दोन्हींत नाव दिलं. मुष्टियुद्धात एउथिमोसला हरवलं, पण इतका दमला की पांक्रातिओनला उभाच राहिला नाही. पंच म्हणाले, तू मुष्टियुद्धात केवळ एउथिमोसला डिवचायला उतरलास. दंड दोन तालांत : एक देवाला, एक खुद्द एउथिमोसला. देवाचा हिस्सा त्याने भरला. एउथिमोसचा भरण्याऐवजी तडजोड अशी की पुन्हा त्याच्या वाटेला मुष्टियुद्धात जायचं नाही. पुढच्या खेपेला एउथिमोस जिंकला.

चष्मिष्ट
म्हणजे जिंकूनही दंड.

दगडी_पाटी
माझ्या प्रश्नाचं उत्तर बरंचसं मिळालं. चाबूक शिक्षा करतो, पण शर्यत आधीच बिघडलेली असते. ती परत घ्या, तर दमलेले पाय पुन्हा रेषेवर. हिस्प्लेक्सने बिघडणंच अवघड केलं.

चाबकाचा सगळ्यांत प्रसिद्ध उल्लेख मात्र मैदानावरचा नाही. इ.स.पू. ४८०, इराण्यांविरुद्धच्या सालामिसच्या आरमारी लढाईआधीची ग्रीक सेनापतींची बैठक. अथेन्सचा थेमिस्तोक्लेस वेळेआधीच बोलायला लागला. कोरिंथचा आदेइमान्तोस म्हणाला, स्पर्धेत आधी सुटणाऱ्याला मार बसतो. थेमिस्तोक्लेसचं उत्तर : हो, आणि मागे राहणाऱ्याला मुकुट मिळत नाही.

अनवाणी
आणि आदेइमान्तोस इस्थमियाच्या शेजारचा. बोलणारच तो.

तिरपागडे
@सुतळीबॉम्ब, नेमेआच्या प्रतिकृतीत कोणी दोरात अडकून पडलं तर पंच काय करतात, तेवढं सांगा. आमच्याकडे संक्रांतीनंतर तिळगूळ दौड आहे.